जाक बेकेर कसा पाहावा: तेरा चित्रपट, त्यांचा क्रम आणि वाटेतले खाचखळगे

ज्याँ रेन्वार माहीत असतो, त्रुफॉ-गोदार माहीत असतात. या दोन पिढ्यांच्या बरोबर मधला फ्रेंच दिग्दर्शक जाक बेकेर मात्र नजरेतून सुटतो. जन्म पॅरिसचा, १५ सप्टेंबर १९०६; मृत्यूही पॅरिसमध्येच, २१ फेब्रुवारी १९६०. १९४२ पासून मरेपर्यंत त्यानं तेरा पूर्ण लांबीचे चित्रपट केले. आठवड्याला एक धरला तर तीन महिन्यांत सगळे बघून होतात. पण ते पहिल्यापासून ओळीनं बघायला घेतले तर दुसऱ्या-तिसऱ्या आठवड्यात मंडळी गळायला लागतात. आणि थेट शेवटच्या ‘ल त्रू’वर उडी मारली तर मधले हलकेफुलके चित्रपट फिके वाटतात, जे खरं तर तसे नाहीत. म्हणून क्रमाचा एवढा घोळ घालायचा.

बसण्याआधी एक गोष्ट पक्की करा. बेकेरच्या चित्रपटात गोष्ट असते, पण तिच्या मागे धावू नका. दोन घटनांच्या मधला जो वेळ बाकीचे दिग्दर्शक कात्रीनं उडवतात, नेमका तिथे हा रेंगाळतो. माणसं जेवतात, दात घासतात, कपडा बेततात, हरवलेली वस्तू शोधत घर उलथंपालथं करतात. त्यामुळे नजर चेहऱ्यांइतकीच हातांवर ठेवायची. हे जमलं की ‘काहीच घडत नाही’ ही तक्रार आपोआप बंद होते.

सुरुवात ‘ग्रिझबी’पासून

पहिला चित्रपट ‘तूशे पा ओ ग्रिझबी’, १९५४, साधारण ९५ मिनिटं. ‘ग्रिझबी’ म्हणजे पॅरिसच्या चोरांच्या बोलीत माल, पैसा. मुंबईच्या पेटी-खोक्याच्या जातीचा शब्द. मूळ कादंबरी आल्बेर सिमोनँची. ती त्या बोलीत इतकी बुडालेली होती की पुस्तकाला शब्दांची यादी जोडावी लागली होती. चित्रपटाच्या सबटायटलमध्ये यातलं फारसं उतरत नाही, हे गृहीत धरा. सबटायटल गुळगुळीत वाटली तर दोष चित्रपटाचा नाही.

ओर्ली विमानतळावर सोन्याच्या विटांचा दरोडा पडलेला आहे आणि चित्रपट सुरू होतो तेव्हा तो होऊनही गेलेला आहे. तो कधीच दाखवला जात नाही. नवा प्रेक्षक इथेच अडखळतो: अर्धा तास झाला तरी दरोडा कुठाय? हे आधी सांगून ठेवलंत तर प्रेक्षक निवांत होतो.

आता या चित्रपटातला एक प्रसंग जवळून बघा. माक्स (ज्याँ गाबाँ) आपला जुना साथीदार रितोंला एका छुप्या घरात आणतो. दोघंही पन्नाशीच्या आसपासचे. धोका अंगावर आलेला आहे, आणि माक्स कपाट उघडून काय काढतो? पाते, म्हणजे मांसाचा लगदा, कडक टोस्ट, इराण्याकडच्या टोस्टचे फ्रेंच भाऊबंद, वाइनची बाटली. दोघं टेबलाशी बसून टोस्टला पाते फासून खातात. बोलणं थोडं, कुरकुर आवाज जास्त. मग माक्स रितोंला पायजम्याचा जोड, टॉवेल, दात घासायचा ब्रश देतो. रितों आरशासमोर उभा राहून डोळ्यांखालच्या पिशव्या बोटानं ओढून बघतो. पिस्तूल नाही, धमकी नाही. दोन म्हातारे होत चाललेले गुंड झोपायची तयारी करतायत, इतकंच. पण शेवटी माक्स सोन्याचं काय करतो आणि का करतो, ते सगळं या टेबलावर ठरलेलं असतं. हा प्रसंग संपल्यावर (संपल्यावरच, मध्ये नाही) चित्रपट थांबवून दोन मिनिटं गप्पा मारल्या तरी चालतील. बेकेरच्या बाबतीत अशी सवलत आम्ही फक्त इथेच देतो.

आणखी दोन गोष्टी टिपा. माक्स तबकडीवर हार्मोनिकाची एक धून परत परत लावतो. संगीत ज्याँ व्हिएनेरचं. ती प्रत्येक वेळी कुठे वाजते याची नोंद ठेवा. आणि आंजेलोचं काम करणारा दांडगा माणूस बघा: तो लिनो व्हेंतुरा, हा त्याचा पहिलाच चित्रपट, त्याआधी तो कुस्तीच्या आखाड्यात होता. जान मोरोही इथे आहे, अजून प्रसिद्ध व्हायची. युद्धानंतर गाबाँचा भाव उतरला होता, तो या चित्रपटानं परत चढवला. त्या वर्षी व्हेनिसला त्याला अभिनयाचं पारितोषिक मिळालं त्यात या भूमिकेचा वाटा होता.

दुसरा आणि तिसरा: घरातली भांडणं

गुंडांनंतर लगेच ‘आंत्वान ए आंत्वानेत’ (१९४७) लावा. प्रेक्षकाला वाटतं दिग्दर्शक बदलला. तसं वाटू द्या. पॅरिसमधलं एक कामगार जोडपं: तो छापखान्यात, ती मोठ्या दुकानात. लॉटरीचं तिकीट लागतं आणि हरवतं. कथा एवढीच. यात बघायचं ते संकलन. बेकेर इथे भराभर तुकडे जोडतो. जिना, गल्ली, शेजारी, दुकानदार, सायकल, सगळं छोट्या छोट्या शॉटमध्ये. एक साधा प्रयोग करा: कुठलीही तीन मिनिटं निवडा, प्रत्येक कट पडला की कागदावर रेघ मारा, आणि तेच ‘ग्रिझबी’च्या टोस्टच्या प्रसंगात करून बघा. दोन्ही आकडे शेजारी ठेवले की ‘बेकेरची शैली’ असं सरसकट बोलणं किती फसवं आहे ते कळतं. कान महोत्सवात १९४७ मध्ये याला प्रेमपट आणि मानसशास्त्रीय चित्रपटांच्या गटातलं पारितोषिक मिळालं.

हे तुकडे जोडणारी बाई मार्गरीत रेन्वार. आडनावावरून गोंधळ होतो. ती ज्याँ रेन्वारची लग्नाची बायको नव्हती, सहचरी होती. त्याच्या १९३० च्या दशकातल्या चित्रपटांची संकलक, आणि पुढे बेकेरच्या पहिल्यापासून शेवटच्या चित्रपटापर्यंत त्याच्यासोबत राहिलेली. बेकेरवर टिपण लिहिताना तिचं नाव गाळणं ही सर्वांत नेहमीची चूक.

तिसऱ्या आठवड्यात ‘एद्वार ए कारोलीन’ (१९५१). एक संध्याकाळ, दोन घरं. गरीब पियानोवादक नवरा, श्रीमंत नातेवाईक असलेली बायको. काकांच्या घरी मेजवानीत त्याला वाजवायचंय आणि कोटाच्या आतलं जाकीट सापडत नाही. तिकडे ती जुना झगा नव्या फॅशनचा दिसावा म्हणून कात्री लावते. यातून घटस्फोटापर्यंत जाणारं भांडण उभं राहतं. दानिएल जेलँ आणि आन व्हेर्नों. पटकथा आनेत वादमाँ हिच्यासोबत लिहिलेली, आणि बायकोचं बोलणं इतकं खरं का वाटतं त्याचं उत्तर तिथेच आहे. दोन वर्षांनी याच तिघांना घेऊन त्यानं ‘र्यू द लेस्त्रापाद’ (१९५३) केला. तो ठीक आहे, पण लागोपाठ बघू नका. पहिल्याची चव जाते.

चौथा: ‘कास्क दोर’

आता ‘कास्क दोर’ (१९५२). सिमॉन सिन्योरे, सर्ज रेज्जानी. विसाव्या शतकाच्या सुरुवातीचं पॅरिस, बेलव्हिलच्या गुंडांच्या टोळ्या, सोनेरी केसांची मारी आणि सुतार मांदा.

हा चित्रपट दाखवण्याआधी इतिहासाचं टिपण वाटायचा मोह होतो. तसं करू नका, नंतर वाटा. खऱ्या प्रकरणातली बाई आमेली एली. तिच्यावरून मांदा आणि लेका या दोन टोळीप्रमुखांत १९०२ च्या सुमारास चाकू-पिस्तुलं चालली आणि वर्तमानपत्रांनी ती गाजवली. खरा मांदा काळ्या पाण्यावर गेला. चित्रपटातल्या मांदाचं काय होतं ते वेगळं आहे. हा फरक आधी सांगितलात तर शेवटाची हवाच निघून जाते.

बघायचं काय: सुरुवातीचं नदीकाठचं नाचघर. मारी दुसऱ्या पुरुषासोबत वॉल्ट्झ नाचतेय, गिरकी घेतेय, आणि प्रत्येक गिरकीत तिची नजर त्याच एका जागी परत येते, जिथे मांदा बसलाय. शब्द एकही नाही. सिन्योरेची पाठ ताठ, एक हात कमरेवर. इथे चित्रपट मागे नेऊन पुन्हा बघायचा असेल तर पूर्ण संपल्यावर. फ्रान्समध्ये प्रदर्शित झाला तेव्हा चित्रपट पडला. ब्रिटनमध्ये मात्र उचलून धरला गेला आणि सिन्योरेला तिकडचं सर्वोत्तम परदेशी अभिनेत्रीचं पारितोषिक मिळालं.

पाचवा-सहावा: युद्धकाळ

इथपर्यंत आलेला प्रेक्षक आता मागे जायला तयार असतो. ‘गूपी मँ रूज’ (१९४३, १०४ मिनिटं) हा खेड्यातला चित्रपट, आणि तो बघताना खरी अडचण एकच: कोण कोण आहे ते लक्षात राहत नाही. सगळं घर गूपी आडनावाचं आणि प्रत्येकाला टोपणनाव. त्यामुळे आधी पाटीवर यादी लिहा. गूपी-बादशहा म्हणजे शंभरी ओलांडलेला म्हातारा. गूपी-माझेपैसे, नावातच सगळं आलं. गूपी-कायदा हा निवृत्त पोलीस. गूपी-साहेब म्हणजे पॅरिसहून आलेला मुलगा, ज्याला घरचे मोठा अधिकारी समजतात आणि जो दुकानात टाय विकतो. गूपी-टोंकिन म्हणजे वसाहतीतून डोकं फिरून परतलेला. आणि गूपी-लालहात, गावाबाहेर राहणारा, शिकारचोर. आपल्याकडे गावात टोपणनावं कशी पडतात ते माहीत असलेल्याला ही यादी पाठ करायला पाच मिनिटं पुरतात. टोंकिनचं काम करणारा रोबेर ल व्हिगाँ नाझींच्या बाजूनं रेडिओवर बोलत असे आणि युद्धानंतर त्याला शिक्षा झाली. ही माहिती चर्चेत येतेच, म्हणून जवळ असू द्या.

‘फाल्बाला’ हा सर्वांत दुर्लक्षित आणि आमच्या मते पहिल्या चारांत बसणारा. फ्रेंच नावात शेवटी ‘स’ लिहितात, पण तो उच्चारायचा नाही. १९४४ मध्ये, पॅरिस अजून जर्मनांच्या ताब्यात असताना चित्रीकरण, प्रदर्शन १९४५. एका मोठ्या शिवणघराचा मालक-कलावंत, आणि खाली शिवणाऱ्या बायकांच्या रांगा. मालकाच्या प्रेमप्रकरणापेक्षा कारखान्याकडे बघा: माप, बेतणं, टाचण्या, कापड खांद्यावरून सोडून ते कसं पडतं ते बघणं, चुकलं की उसवणं. शिवणकाम येणाऱ्या कुणाला शेजारी बसवा, तुम्हाला न दिसलेल्या दहा गोष्टी ती दाखवील. फॅशन डिझायनर ज्याँ-पोल गोतिएनं आपण या धंद्यात या चित्रपटामुळे आलो असं अनेकदा सांगितलंय, आणि चित्रपट बघितल्यावर त्यात अतिशयोक्ती वाटत नाही.

सातवा: ‘ल त्रू’

यासाठी वेगळी तयारी लागते. १९६०, कृष्णधवल, १३२ मिनिटं. पॅरिसच्या सांते तुरुंगात १९४७ मध्ये पाच कैद्यांनी भुयार खणून पळायचा केलेला प्रयत्न. त्यात असलेल्या जोझे जोव्हानीनं नंतर कादंबरी लिहिली. दुसरा, ज्याँ केरोदी, चित्रपटात स्वतःचंच काम करतो आणि सुरुवातीला कॅमेऱ्याकडे वळून ही आपली गोष्ट असल्याचं सांगतो. बाकीचेही त्या वेळी ओळखीचे चेहरे नव्हते. मिशेल कोंस्तांतँ तर व्हॉलीबॉलपटू. कॅमेरा गिस्लँ क्लोकेचा.

चित्रपटाला पार्श्वसंगीत नाही. म्हणून खोलीतला आवाज हाच पहिला शत्रू. पंखा बंद, एसी चालवायचाच तर अर्धा तास आधी खोली गार करून कमी वेगावर. टीव्हीमधलं ‘सराउंड’ आणि ‘संवाद स्पष्ट’ वगैरे सगळं बंद करा. मूळ ध्वनी मोनो आहे, तो ताणला की लोखंडाचा घाव डब्यावर वाजल्यासारखा येतो. चहा आधी. चकल्यांची पिशवी दाराबाहेर.

मध्यंतर नको. सभागृहाचा नियम आडवा आलाच तर जमीन पहिल्यांदा फुटल्यानंतर घ्या, त्याआधी नाही आणि शेवटच्या चाळीस मिनिटांत तर मुळीच नाही.

काय बघायचं त्याची यादी प्रेक्षकाला आधी देता येते, कारण यातलं काहीच शेवट फोडत नाही:

– खाऊचे डबे तपासणारा पहारेकरी. एकाच सुरीनं तो सगळं कापत जातो, सुरी मध्ये न धुता. तुरुंग म्हणजे काय हे सांगायला बेकेरला भाषण लागत नाही.

– कोठडीत पुठ्ठ्याच्या खोक्यांच्या घड्या घालायचं काम मिळतं. ढीग वाढतो. तो ढीग नंतर कशावर ठेवला जातो ते बघा.

– आरशाचा तुकडा दात घासायच्या ब्रशला बांधून दाराच्या भोकातून बाहेर काढतात, म्हणजे बोळातला पहारेकरी दिसतो.

– औषधाच्या दोन बाटल्या आणि वाळू: वाळूचं घड्याळ. खाली गेलेल्यांना गस्तीआधी परत यायचं असतं आणि मनगटावर घड्याळ नाही.

– अंथरुणात झोपलेल्याचं सोंग, आणि ते हलावं म्हणून ओढायची दोरी.

आणि मग तो शॉट. खाटेच्या लोखंडाचा तुकडा हत्यार म्हणून हातात, खाली सिमेंटची जमीन. कॅमेरा खाली रोखलेला, जवळजवळ चार मिनिटं, कट नाही. एक दमला की दुसरा लोखंड घेतो. आधी नुसती पांढरी धूळ उडते. मग टवका. मग चीर. मध्ये एक वेळ अशी येते की बघणाराच कंटाळतो, आणि नेमका त्यानंतर खालचा थर सुटतो. हा वेळ कापून चाळीस सेकंदांचा केला असता तर जमीन फुटली एवढी माहिती पोचली असती. ती किती जाड होती हे पोचलं नसतं. या चार मिनिटांत प्रेक्षकांत कुजबुज सुरू होते, कुणी फोन काढतं. सूत्रसंचालकानं उठू नये, दिवा लावू नये. आपोआप शांत होतात.

चित्रीकरण संपलं तेव्हा बेकेर आजारी होता आणि १८ मार्च १९६० रोजी चित्रपट पडद्यावर आला तेव्हा तो जिवंत नव्हता. आणखी एक दुवा इथे सांगण्यासारखा: १९४० मध्ये तो स्वतः जर्मनांचा युद्धकैदी झाला होता आणि सुमारे वर्षभर पोमेरेनियाच्या छावणीत होता. फेफरं येत असल्याचं सोंग करून सुटला असं त्याच्या चरित्रात येतं.

राहिलेले सहा

‘रांदेव्हू द ज्युइए’ (१९४९) आठव्या आठवड्यात: युद्धानंतरची पॅरिसची तरुण मुलं, तळघरातलं जॅझ, आफ्रिकेला जायची खटपट. लुई देल्युक पारितोषिक मिळालेला. ‘मोंपार्नास १९’ (१९५८) त्यानंतर. चित्रकार मोदिल्यानीवरचा हा चित्रपट मुळात माक्स ओफ्युल्स करणार होता. तो १९५७ मध्ये वारला आणि काम बेकेरकडे आलं. बेकेरनं पटकथा बदलली, लेखक आंरी जाँसोंशी वाजलं, जाँसोंनं नाव काढून घेतलं. शिवण दिसते. पण चित्रकाराच्या मरणाची वाट बघणारा चित्रविक्रेता (पुन्हा व्हेंतुरा) आणि शेवटची पाच मिनिटं यांच्यासाठी बघायलाच हवा.

‘र्यू द लेस्त्रापाद’ दहावा. ‘आर्सेन ल्युपँ’ (१९५७) रंगीत, देखणा, बिनघोर. ‘देर्निए आतू’ (१९४२) हा पहिला, अमेरिकी गुन्हेपटाची नक्कल, शिकाऊ हाताचा. त्याआधीचा ‘लोर द्यू क्रिस्तोबाल’ धरू नका: तो बेकेरनं अर्धवट सोडला, दुसऱ्यानं पुरा केला आणि बेकेरनं कधी आपला म्हटला नाही.

उरला ‘आली बाबा’ (१९५४), विनोदी नट फेर्नांदेलसाठी केलेला, मोरोक्कोत चित्रित. तो सर्वांत कच्चा, पण अभ्यासकांत त्याचं नाव सर्वांत जास्त घेतलं जातं. कारण फेब्रुवारी १९५५ मध्ये त्रुफॉनं ‘दिग्दर्शक हाच कर्ता’ या भूमिकेचा जो लेख लिहिला त्याच्या शीर्षकात हाच चित्रपट होता: फसलेला असला तरी बेकेरचा आहे, म्हणून मी त्याची बाजू घेतो, असा सूर. लेख वाचून कुणी पहिलाच ‘आली बाबा’ लावतो आणि बेकेरला कायमचा रामराम करतो. शेवटीच बघा.

शोधताना होणाऱ्या गफलती

दिग्दर्शक जाक बेकेर आणि दिग्दर्शक ज्याँ बेकेर वेगळे. ज्याँ हा मुलगा, १९८३ चा इझाबेल आजानीचा ‘लेते मर्त्रिए’ त्याचा. ऑनलाइन याद्यांत दोघांचे चित्रपट सर्रास एकत्र येतात. दुसरा मुलगा एत्येन कॅमेरामन झाला, आणि दिग्दर्शक लुई मालसोबत १९६८ मध्ये भारतात फिरून ‘लँद फांतोम’ या माहितीपटमालिकेचं छायाचित्रण त्यानं केलं. तिचा सातवा भाग मुंबईवर आहे. त्या काळची मुंबई बघायची असेल तर तो भाग जरूर शोधा, बेकेर घराण्याचा आपल्याशी असलेला धागा तेवढाच.

‘ल त्रू’ शोधताना ‘ल त्रू नोर्मां’ (१९५२) समोर येतो, तो ब्रिजित बार्दोचा विनोदी चित्रपट, याचा काही संबंध नाही. इंग्रजी भाषांतर ‘द होल’ टाकलं तर तैवानचा १९९८ चा चित्रपट येतो. म्हणून नावासोबत वर्ष टाकायची सवय लावा. बेकेर नुसता नट म्हणून बघायचा असेल तर रेन्वारच्या ‘ला ग्रांद इल्युझिओं’मध्ये (१९३७) तो क्षणभर दिसतो: आपलं घड्याळ जर्मनांच्या हाती जाऊ नये म्हणून बुटाखाली चिरडणारा इंग्रज अधिकारी. रेन्वारचा सहायक म्हणून बेकेर तिथेच तयार झाला.

प्रत, पडदा, सबटायटल

प्रत हातात आली की आधी लांबी तपासा. ‘ल त्रू’ १३२ ऐवजी १२७ मिनिटांचा निघाला तर तो कापलेला नाही. युरोपातल्या टीव्ही पद्धतीत सेकंदाला २४ चौकटींचा चित्रपट २५ च्या वेगानं चालवतात, त्यामुळे सुमारे ४ टक्के वेळ कमी होतो आणि आवाजाची पट्टीही किंचित चढते. त्याहून बराच लहान असेल तर मात्र प्रत कापलेली समजा आणि दुसरी शोधा.

याच फरकामुळे सबटायटल घसरतात. फाइल २५ च्या वेगाची आणि सबटायटल २४ ची असली की सुरुवात जुळते, दहा मिनिटांनी सुमारे २४ सेकंदांचा फरक पडतो, तासाभरात दोन मिनिटांच्या वर. व्हीएलसीमध्ये जी आणि एच या कळांनी सबटायटल पुढे-मागे होतात, पण त्यानं फक्त ठरावीक अंतर सरकतं. वाढत जाणारा फरक तसाच राहतो. त्यासाठी साधनांच्या मेनूत ट्रॅक जुळवणीमध्ये सबटायटलचा वेग बदला, किंवा सबटायटल एडिट या फुकट सॉफ्टवेअरमध्ये फ्रेम रेट बदलून फाइल नव्यानं जतन करा. तपासणी नेहमी शेवटच्या दहा मिनिटांत करा. सुरुवातीला जुळलं म्हणजे जुळलं असं नसतं.

चौकटीचं प्रमाण ही दुसरी अडचण. ‘ग्रिझबी’, ‘कास्क दोर’ आणि त्याआधीचे सगळे १.३७ : १ चे. आजच्या रुंद पडद्यावर ते साधारण ७७ टक्के रुंदी व्यापतात, दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या येतात. त्या यायलाच हव्यात. पडदा ‘भरून’ दाखवायला गेलात तर एक तर गाबाँ बुटका आणि जाडा होतो, नाही तर वर-खालचा जवळजवळ पावभाग कापला जातो, आणि बेकेरची टेबलावरची सगळी करामत खालच्या कापलेल्या भागात असते. टोस्टच दिसत नाहीत! ‘ल त्रू’ १.६६ चा, त्याला पट्ट्या बारीक. टीव्हीतलं हालचाल मऊ करणारं सेटिंगही बंद करा.

चकत्या मागवत असाल तर विभाग बघा. अमेरिकेतली क्रायटेरियन कंपनीची डीव्हीडी विभाग १ ची, ब्लू-रे ए ची. फ्रान्समधली डीव्हीडी २ ची, ब्लू-रे बी ची. भारतातले यंत्र डीव्हीडीसाठी ५ आणि ब्लू-रेसाठी सी. डीव्हीडीचं कुलूप बऱ्याच यंत्रांत रिमोटवरून उघडतं, ब्लू-रेचं सहसा नाही. फ्रेंच चकत्यांवर अनेकदा फक्त कमी ऐकू येणाऱ्यांसाठीची फ्रेंच सबटायटल असतात, इंग्रजी नसतात. मागचं आवरण वाचल्याशिवाय पैसे भरू नका.

घरी बघणं वेगळं आणि फिल्म क्लबनं सभागृहात दाखवणं वेगळं. विकत घेतलेल्या चकतीसोबत जाहीर प्रदर्शनाचा हक्क येत नाही. ‘कास्क दोर’, ‘ग्रिझबी’, ‘ल त्रू’साठी स्टुडिओकॅनल, आणि ‘आंत्वान ए आंत्वानेत’, ‘रांदेव्हू’, ‘एद्वार’साठी गोमों या कंपन्यांना विचारायचं. पत्रात एवढं हवंच: तारीख, खेळ किती, खुर्च्या किती, तिकीट आहे की नाही, कोणत्या स्वरूपात प्रत हवी, इंग्रजी सबटायटल हवीत. दीड-दोन महिने आधी लिहा. पुण्या-मुंबईत अलिआन्स फ्रान्सेजकडे आधी चौकशी करा. फ्रेंच सांस्कृतिक संस्थांना बिगरव्यावसायिक खेळांसाठी चित्रपट पुरवणारी स्वतंत्र व्यवस्था आहे आणि पुष्कळ धावपळ वाचू शकते. भारतात जाहीर खेळासाठी सेन्सॉरचं प्रमाणपत्र किंवा त्यातून सूट लागते, ते कागद वेगळे.

डीसीपी, म्हणजे चित्रपटगृहाच्या डिजिटल प्रोजेक्टरसाठीची प्रत, आली तर ती हार्ड डिस्क बहुधा लिनक्सच्या पद्धतीनं बांधलेली असते. विंडोजच्या लॅपटॉपला लावल्यावर तो ‘फॉरमॅट करू का’ विचारतो. ‘हो’ म्हणू नका. प्रत कुलूपबंद असेल तर केडीएम नावाची किल्ली येते; ती त्या एका सर्व्हरपुरती आणि ठरावीक तासांपुरतीच चालते. म्हणून किल्ली मागतानाच आदल्या दिवशीची चाचणी धरून वेळ मागा. ऐन खेळाच्या संध्याकाळी सहाला उघडणारी किल्ली घेऊन साडेसहाच्या खेळाला बसलेले आयोजक घाम पुसताना दिसतात, आणि तोवर समोर शंभर माणसं येऊन बसलेली असतात.